नमुन्यावरचं कुंकू

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये, असं आमच्या घरात उठता-बसता म्हणतात. मी चढले. तीही थेट नागपूरच्या उच्च न्यायालयाची, सरकारी टेंडरच्या भांडणासाठी, आणि सोबत गाडीभर बायका घेऊन. त्यावरून मी शहाणी नाही हे सिद्ध झालं, असं माझ्या सासूबाईंचं मत आहे, आणि ते त्या आल्यागेल्या पाहुण्यांनाही सांगतात. मला त्याचं काही वाटत नाही. मला मुळातच भांडायला आवडतं. आठवडी बाजारात कोथिंबिरीच्या जुडीवरून जरा वाजलं तरी माझा दिवस चांगला जातो. कोर्टातलं भांडण मात्र निराळं. तिथं समोरचा बोलत असताना मधे तोंड घालता येत नाही, आणि तरीही आपलं खरं ठरू शकतं. हे मला चाळिशी उलटल्यावर कळलं.

जानेफळहून थोडं आत आमचं गाव आहे. तिथं आम्हा बायकांचा बचत गट आहे आणि गटाचा मसाल्याचा कारखाना. कारखाना म्हणजे पत्र्याचं शेड, त्यात मिरची कुटायचं कांडप, हळद दळायची चक्की आणि पाकिटं बंद करायचं यंत्र. कारखाना म्हटलं की आमच्या नवऱ्यांना हसू येतं, म्हणून आम्ही मुद्दाम कारखानाच म्हणतो. नवीन माणूस दारात आला की आधी शिंकतो आणि मग काय काम आहे ते सांगतो.

उन्हाळ्यात घरोघरचं वर्षाचं तिखट करायला लोक येतात, तेव्हा आम्हाला पाठ टेकायला वेळ नसतो. पाऊस सुरू झाला की शेडला कुलूप लागतं आणि बायका दुसऱ्यांच्या शेतात निंदायला जातात. म्हणून सरकारी वसतिगृहांना तिखट, हळद आणि मसाला पुरवायचं टेंडर निघालं, तेव्हा आम्ही सगळ्या त्याच्या मागं लागलो. ते मिळालं असतं तर शेड बारा महिने चालणार होतं.

टेंडर भरायचं होतं ऑनलाइन, पण मालाचा नमुना मात्र कार्यालयात नेऊन द्यायचा होता. अट अशी होती की नमुना कोऱ्या पांढऱ्या पाकिटात असावा आणि पाकिटावर कोणतीही ओळखखूण नसावी. तिथला बाबू पाकिटांवर आकडे टाकणार आणि तपासणाऱ्यांना आकड्याखेरीज काही कळणार नाही, म्हणजे कोणाचा माल कोणाच्या ओळखीनं पास व्हायला नको. अट चांगलीच होती. मी ती शेडमध्ये मोठ्यानं वाचून दाखवली. आम्ही गटाचा शिक्का मारला नाही, चिठ्ठी चिकटवली नाही, आमच्या नेहमीच्या पाकिटांवर गाईचं चित्र असतं तीही पाकिटं घेतली नाहीत. पाकिटं बंद करायचं काम भाभीकडं असतं. तिचा नवरा मिरचीचा व्यापारी, आणि ती आमच्या गटात अगदी पहिल्यापासून. तिनं मेहकरहून नवी कोरी पाकिटं आणवली आणि हात धुऊन भरली.

आता 'कोरं' या शब्दाचं सांगायला हवं, कारण पुढचं सगळं त्यावरच अडलं. आमच्याकडं नवं लुगडं घरात आलं की त्याच्या पदराला हळद-कुंकू लावतात आणि मगच ते नेसतात. कुंकू लावलेलं लुगडं वापरलेलं होत नाही, ते कोरंच असतं. उलट कुंकू न लावता एखादी वस्तू पहिल्यांदा बाहेर काढली तर जुन्या बायका ओरडतात. नवी सायकल असो, नवी शेगडी असो, नाही तर नवी वही, आधी बोटभर कुंकू आणि मग काम. त्यामुळं कोरं पाकीट म्हटल्यावर त्यावर कुंकू लावायचं नाही, हे आमच्यापैकी एकीच्याही डोक्यात आलं नाही. कुंकू म्हणजे खूण, असा विचार करायला माणसाला सरकारी नोकरीच लागते.

ते कुंकू कोणी लावायचं, हे मात्र मी ठरवलं. माझी थोरली चुलत जाऊ आमच्या गटात आहे. मी तिला बाई म्हणते. तिचा नवरा जाऊन बरीच वर्षं झाली. तेव्हापासून ती लग्नकार्यात मागं बसते, ओटी भरायची वेळ झाली की काहीतरी काम काढून आत जाते. शेडमध्ये मात्र तिच्याइतकं मोठ्यानं कोणी हसत नाही. ती सगळ्यांच्या नकला करते. ग्रामसेवकाची करते, माझ्या सासूबाईंची करते, आणि मी नसले की माझी करते. आमच्या ग्रामसभेनं विधवांच्या जुन्या रीती बंद करायचा ठराव केला होता. टाळ्या झाल्या, फोटो निघाला, आणि पुढच्या संक्रांतीला बाईला कोणाच्या घरून हळदीकुंकवाचं बोलावणं गेलं नाही. मला त्या ठरावाचा राग आला होता. न पाळायचा ठराव करण्यापेक्षा केला नसता तर बरं, असं मी सरपंचांना तोंडावर म्हटलं होतं.

म्हणून नमुन्याची पाकिटं तयार झाली तेव्हा मी कुंकवाचा करंडा बाईपुढं धरला.

"मले काऊन देतं?" ती म्हणाली.

"तुमच्याच हातानं जाऊ द्या."

"काही झालं तं?"

"काय होईन?"

भाभी यंत्रापाशी उभी होती. ती म्हणाली, "लगाओ ना बाई, क्या होता उसको." मग बाईनं बोट हळदीत बुडवलं, मग कुंकवात, आणि पाकिटांच्या कोपऱ्यावर एकेक टिकली उठवली. हाताची सवय मोडली होती, त्यामुळं पहिली टिकली जरा लांबट आली. दुसरीपासून हात बसला. शेवटच्या पाकिटाला लावताना ती चक्क गुणगुणत होती. मला त्या दिवशी फार बरं वाटलं, आणि आजही ती आठवण आली की बरंच वाटतं. पुढं काय झालं त्यानं त्यात काही कमी झालेलं नाही.

पुढं झालं असं की आम्ही बाद झालो. संगणकावर एकच ओळ आली, नमुन्याच्या पाकिटावर ओळखखूण आढळल्यानं अपात्र. आम्ही ती पुन्हा पुन्हा वाचली आणि कोणती ओळखखूण ते कोणालाच कळेना. कार्यालयात गेल्यावर तिथल्या साहेबांनी समजावून सांगितलं. माणूस सभ्य होता. आम्हाला बसायला खुर्च्या दिल्या, चहा मागवला आणि म्हणाले, "ताई, कुंकू लावलं ना तुम्ही. नियम म्हणजे नियम." त्यांच्या पाठीमागच्या कपाटावर दसऱ्याचं कुंकू तसंच होतं. मी त्याच्याकडं बोट दाखवलं, तेव्हा साहेब हसले आणि म्हणाले की कपाटानं टेंडर भरलेलं नाही. उत्तर चांगलं होतं, त्यामुळं माझा राग आणखी वाढला.

गावात बातमी आमच्या आधी पोचली. सासूबाई ओसरीतच बसल्या होत्या.

"मी म्हनतच होती," त्या म्हणाल्या. "तिले काऊन हात लावू देला? नाट लागला ना कामाले."

सासूबाई काही वाईट बाई नाहीत. आजारपणात त्यांनी माझं सगळं केलं आहे. पण त्या जे बोलल्या तेच घराघरांत बोललं गेलं, आणि ते बाईपर्यंत जायला किती वेळ लागणार? टेंडर गेलं कुंकवामुळं, आणि कुंकू लावलं विधवेनं. हिशेब जुळत होता, आणि जुळणाऱ्या हिशेबाला कोणी तपासत नाही. दुसऱ्या दिवसापासून बाई शेडवर यायची बंद झाली. मी घरी गेले तर म्हणाली की गुडघा दुखतो. गुडघा दुखत नव्हता, ती तर भांडी घेऊन नळाकडं निघाली होती.

तेव्हा मी ठरवलं की भांडायचं. काम तर हवंच होतं, पण काम एखाद्या वेळी गेलं तरी चाललं असतं. पुढच्या वर्षी पुन्हा टेंडर निघालं असतं. बाईचं तसं नव्हतं. हा डाग बसला असता तर तिनं जन्मात पुन्हा करंड्याला हात लावला नसता, आणि गावात दुसऱ्या कोणाही विधवेनं लावला नसता.

आमच्या वकीलबाई नागपूरला असतात, पण मूळच्या साखरखेर्ड्याच्या. त्यामुळं कुंकवाच्या टिकलीची गोष्ट त्यांना पहिल्यापासून सांगावी लागली नाही. त्यांनी आधी आमची हवा काढून घेतली. म्हणाल्या, "ताई, तुमचं तिखट चांगलं की दुसऱ्याचं, हे कोर्ट बघणार नाही. कोर्ट तिखट चाखत नाही. निवड करणाऱ्यांनी ती नीट केली की नाही, एवढंच बघतं. आणि अट मोडली म्हणून बाद केलं असेल तर सहसा हात घालत नाही." मग त्यांनी विचारलं की कुंकू कोणी लावलं होतं. मी सगळं सांगितलं. त्यांचे डोळे चमकले. हे अर्जात लिहायचंच, त्या म्हणाल्या. विधवा बाई, ग्रामसभेचा ठराव, पहिल्यांदा लावलेलं कुंकू, आणि त्याच कुंकवामुळं काम गेलं. कोणाच्याही मनाला लागेल.

माझ्याही मनाला पटलं. पण बाईला विचारल्याशिवाय कसं लिहायचं, म्हणून मी परत आले आणि तिच्या ओट्यावर जाऊन बसले. तिनं सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "लिव्हाचं तं लिव्ह. मी नाई म्हनत नाई. पन मंग कोर्टात बी मी विधवाच. साधी बाई मी कवा होनार वं?"

मी ओट्यावरून उठले. रस्त्यातच वकीलबाईंना फोन लावला आणि सांगितलं की ते लिहायचं नाही. त्या म्हणाल्या की आपली बाजू थोडी लंगडी होईल. मी म्हटलं, होऊ द्या. अर्जात एवढंच गेलं की गटानं रीतीप्रमाणं हळद-कुंकू लावलं होतं.

पहिल्या तारखेला कोर्टानं 'जैसे थे' दिलं, म्हणजे निकाल लागेपर्यंत कार्यालयानं कोणालाच काम द्यायचं नाही. मी आनंदानं घरी येऊन सांगितलं. सासूबाई म्हणाल्या, "मंग होतो तसेच हावोत ना आपन. त्यासाठी नागपूर काऊन गेली?" त्यांना जैसे थेचा अर्थ समजावता समजावता माझा घसा बसला, आणि शेवटी त्या म्हणाल्या त्यात तथ्य आहे असं मलाच वाटायला लागलं.

शेवटच्या तारखेला आम्ही सगळ्या गेलो. बाई आली नाही. पहाटे जीप केली, समृद्धी महामार्गाला लागलो आणि ठेचा-भाकरी खात नागपूर गाठलं. कोर्टात मागच्या बाकावर बसलो. आमच्या लुगड्यांना तिखटाचा वास असतो, तो कितीही धुतलं तरी जात नाही. आमच्या पुढं बसलेले एक काळ्या कोटातले गृहस्थ शिंकले, मग त्यांच्या शेजारचे शिंकले, आणि भाभीनं पदर तोंडात धरला. कोर्टात हसू आलं तर काय करायचं, हे आम्हाला कोणी शिकवलं नव्हतं.

सगळं बोलणं इंग्रजीत चाललं. थोडं मला कळलं, बाकीचं वकीलबाईंनी नंतर उलगडून सांगितलं. सरकारी वकील म्हणाले की अट म्हणजे अट. आज कुंकू चालवलं तर उद्या कोणी बुक्का लावेल, परवा कोणी चिठ्ठी चिकटवेल, मग तपासणी आंधळी राहणार कशी? खरं सांगायचं तर मला तो मुद्दा बरोबर वाटला. न्यायमूर्तींनी तो शांतपणे ऐकला. मग विचारलं, ही खूण कोणाची, हे पाकीट बघून तुम्हाला कसं कळलं?

सरकारी वकील म्हणाले, महिलांचे गट कुंकू लावतात.

महिलांचे गट किती आले होते?

तीन.

कुंकू किती गटांच्या पाकिटांवर होतं?

दोन गटांच्या. दोन्ही बाद केले.

मग या दोन्हींतलं यांचं कोणतं, ते नुसतं कुंकू बघून सांगा, असं न्यायमूर्ती म्हणाले. सरकारी वकिलांनी मागं वळून कार्यालयाच्या साहेबांकडं पाहिलं. साहेबांनी फाइलमधले फोटो पाहिले, उलटसुलट करून पुन्हा पाहिले. दोन्ही पाकिटांवर कोपऱ्यात हळद, त्यावर कुंकू. त्यांना सांगता आलं नाही. मला आलं असतं, कारण आमची पहिली टिकली लांबट होती, पण मी तोंड बंद ठेवलं. माझ्या आयुष्यात मी सगळ्यांत जास्त वेळ गप्प बसले ती जागा म्हणजे नागपूरचं कोर्ट.

निकाल आमच्या बाजूनं लागला. आमचा आणि त्या दुसऱ्या गटाचाही नमुना इतरांबरोबर तपासावा, असा आदेश झाला. पुढचं इथंच सांगून टाकते. तपासणी झाली, हळद चांगली ठरली, तिखटावर 'जास्त तिखट' असा शेरा आला आणि भाभी त्यावरून अजून धुसफुसते. पण काम आम्हाला मिळालं. आता पावसाळ्यातही शेड चालू असतं. आणि पुढच्या टेंडरात अट बदलून आली, पाकिटावर हळद, कुंकू, बुक्का, गंध यांपैकी काहीही लावू नये. सरकारी कागदावर ही चार नावं आमच्यामुळं आली, याचा मला अभिमान आहे. नियम स्पष्ट लिहिला की आम्ही पाळतो.

पण त्या दिवशी परत येताना यातलं काही ठरलेलं नव्हतं, आणि माझं लक्षही तिकडं नव्हतं. जीपमध्ये बाकीच्या गाणी म्हणत होत्या. मी विचार करत होते की बाईला काय सांगू. जिंकलो, एवढं म्हणून भागणार नव्हतं. कोर्ट नमुन्याला पास म्हणेल, तिच्या हाताला कसं म्हणेल? सासूबाईंच्या तोंडाला कोर्टाचा आदेश लागू होत नाही.

आदेशाची प्रत वकीलबाईंनी दुसऱ्या दिवशी फोनवर पाठवली, तेव्हा सोबत एक ओळ मराठीत करून दिली आणि म्हणाल्या, ही तुमच्या जाऊबाईंना वाचून दाखवा. मी ती आधी एकटीनं वाचली. मग चपला न घालताच बाईच्या घरी गेले.

ती दारात सूप घेऊन तूर निवडत होती. माझ्याकडं पाहून म्हणाली, "जिंकल्या म्हनते. बरं झालं. आता गटाचं काम होईन."

"कोर्टानं काय लिव्हलं ते ऐकता का?"

"मले काय समजते त्यातलं."

"समजते. ऐका." आणि मी वाचलं. हळद-कुंकू लावणं ही या भागातल्या बायकांची नेहमीची रीत आहे, आणि कुंकू पाहून ते कोणत्या बाईनं लावलं हे ओळखता येत नाही.

बाईचे हात थांबले. "अजून एक डाव वाच," ती म्हणाली.

मी वाचलं.

"अन् मी कोन हाय, ते इचारलं नाई त्याइनं?"

"नाई. कोनीच नाई इचारलं."

"वकीलबाईनं बी नाई सांगतलं?"

"नाई. तुम्हीच म्हनलं होतं ना, साधी बाई कवा होनार."

तिनं सुपातला एक खडा वेचून टाकला. मला रडू येत होतं आणि तिच्यापुढं रडायचं नव्हतं, म्हणून मी फोनमध्ये उगीच काहीतरी बघत बसले. मग ती हळूच म्हणाली, "विधवेनं लावलं का सवासनीनं, हे कुंकवावरून कळत नाई."

"कोर्टाले बी नाई कळलं."

"मंग गावाले काय कळते," बाई म्हणाली.

तिनं तूर डब्यात ओतली, सूप भिंतीला टेकवलं आणि पदर खोचला. मी उठेपर्यंत ती गल्लीच्या टोकाला पोचली होती. शेडकडून कांडपाचा आवाज येत होता, आणि थोड्या वेळानं त्या आवाजावर माझ्या सासूबाईंची नक्कल ऐकू आली.